दहाव्या ओळीतलं नाव

काका औषधांच्या कंपनीत आहेत असं कळलं की माणसं आधी आपली दुखणी सांगत. गुडघा, पित्त, झोप. काका सगळं ऐकून घेत आणि मग म्हणत, "मी औषध करत नाही हो. औषधाचं नाव करतो." यावर समोरचा हसे. नाव करायला काय माणूस ठेवावा लागतो?

ठेवावा लागतो. एकच गोळी दहा कंपन्या करतात. आत तीच पूड, तोच खडू, वर तोच गुलाबी रंग. डॉक्टरच्या हातून कागदावर उतरतं ते नाव, आणि दुकानदार फळीवरून काढतो तेही नावच. काकांच्या कंपनीत हे काम एकतीस वर्षं एकट्या काकांकडे होतं. वरच्या मजल्यावर जिन्याला लागून त्यांची खोली. खिडकीखाली ट्रक खोकी भरत उभे असत आणि खालून खोकल्याच्या औषधाचा गोड वास वर चढे. तो शर्टाला चिकटून घरापर्यंत येई. टेबलावर बुटांची सात रिकामी खोकी, त्यांत उभी लावलेली कार्डं, एका कार्डावर एक नाव. त्यांचं स्वतःचं नाव मात्र कंपनीत औषधालाही कुणी घेत नसे. पहारेकऱ्यापासून मालकापर्यंत सगळ्यांचे ते 'नाववाले काका'. घरी बायको म्हणे, "लोक फुकट नावं ठेवतात. आमच्या ह्यांना त्याचा पगार मिळतो."

नाव करायची त्यांची रीत होती, ती त्यांना कुणी शिकवली नव्हती. नावाला अर्थ नको. अर्थ असला की रोगी तो धरून बसतो आणि बरं वाटलं नाही तर भांडायला येतो. अक्षरं तीन, फार तर चार. जोडाक्षर नको, दात नसलेल्या म्हाताऱ्याला दुकानात ते उच्चारता आलं पाहिजे. असं नाव जमलं की त्याच्या तीन परीक्षा. पहिली खालच्या पॅकिंगच्या हॉलमध्ये. पाकिटं भरणाऱ्या बायकांत सगळ्यांत जुनी जी मावशी, तिच्या हातात चिठ्ठी द्यायची. ती अडखळली की नाव बाद. दुसरी, कंपनीच्या डॉक्टरांकडून तेच नाव घाईघाईत लिहून घ्यायचं आणि ते दुसऱ्या कशासारखं दिसतं का बघायचं. तिसरी टेलिफोनवर. गावाच्या दुसऱ्या टोकाच्या एका औषधवाल्याला फोन लावून अजून जन्मालाच न आलेलं औषध मागायचं. तो "ते अमुक का?" म्हणाला की नाव मेलं. "असलं काही आपल्याकडे नाही, आणि काका, आवाज ओळखला मी" असं म्हणाला की नाव जगलं.

जगलेली नावं मंगळवारी एका छापील फॉर्मवर चढत. फॉर्मला दहा ओळी. तो नोंदणी कचेरीत जाई. तिथे सगळ्या जुन्या नोंदींशी ताडून प्रत्येक नावापुढे शेरा पडे: 'आहे' किंवा 'मोकळं'. मोकळं आलेलं प्रत्येक नाव आपोआप कंपनीच्या मालकीचं होऊन साठ्यात जाई. साठ्यात चारशेच्या वर नावं पडली होती. वर्षाला कामी येत चार, नाहीतर पाच. बाकीची तशीच धूळ खात पडून राहत.

काकांना एकच मुलगी. तिचं नाव त्यांनी केलेलं नव्हतं.

ती जन्मली त्याच्या दोन वर्षं आधी काकांची बहीण गेली होती, एकोणीस वर्षांची, आठ दिवसांच्या तापात. मुलगी झाली तसं काकांच्या आईने तिला उचलून मांडीवर घेतलं आणि गेलेल्या पोरीच्या नावाने हाक मारली. झालं. बायकोने काकांकडे पाहिलं. काका खिडकीबाहेर बघत होते. पुढे ती मुलगी त्या नावाच्या आत वाढली. ती बसली की कुणीतरी म्हणे, अगदी तिच्यासारखी बसते. गायली नाही की, ती किती छान गायची. एकोणिसाव्या वर्षी आजीने तिला वर्षभर सहलीला जाऊ दिलं नाही, पावसात जाऊ दिलं नाही, शिंक आली तरी डॉक्टर बोलावला. विसाव्या वाढदिवशी आजी सकाळपासून रडत होती, आणि ते रडणं आनंदाचं होतं की कशाचं हे विचारायची कुणाची छाती झाली नाही. मुलीने मात्र त्या संध्याकाळी काकांना विचारलं, "बाबा, तुम्ही तेव्हा काहीच का बोलला नाहीत?"

काका म्हणाले, "आईला कसं बोलणार?"

त्यानंतर बाप-लेकीत बोलणं राहिलं ते हवापाण्याचं. फोन आला की, "थांब हं, आईला देतो."

म्हणून नात झाली त्याच्या तिसऱ्या दिवशी, हॉस्पिटलच्या दोन खाटांच्या खोलीत, मुलीने "बाबा, तुमच्याकडे एक काम आहे" म्हटलं तेव्हा काका चटकन उठून उभेच राहिले. औषध आणायचं असेल असं त्यांना वाटलं.

"बसा हो. हिचं नाव तुम्ही करायचं."

"मी?"

"मग दुसऱ्या कुणाला येतं आपल्याकडे?"

जावई खिडकीशी थर्मास धूत होता. तो म्हणाला, "फक्त गोळीसारखं नको हं, बाबा. सकाळ-संध्याकाळ जेवणानंतर, असलं."

"तू गप रे," मुलगी म्हणाली. मग काकांना म्हणाली, "अट एकच. ते नाव आधी कुणाचं नको. मेलेल्याचं नको, जिवंताचं नको. नदी नको, फूल नको, चांदणी नको. अर्थच नको. अर्थ असला की लोक तो पोरीत शोधत बसतात."

बायको बाळाचे पाय पुसत होती. मान वर न करता ती म्हणाली, "करा म्हणावं. तीस वर्षांपूर्वीची बाकी आहे."

काकांनी नऊ दिवस घेतले. एरवी ते एका दुपारी सात-आठ नावं पाडत. या नऊ दिवसांत त्यांनी साठेक कार्डं लिहिली आणि फाडली. एक फार तोंडभर होतं, एक ऐकायला साबणासारखं, एकात मधलं अक्षर दुसऱ्या अक्षराच्या पाया पडत होतं. दहाव्या दिवशी सकाळी दाढी करताना, गाल फुगवलेला असताना, नाव आलं. मिरुला. त्यांनी तोंड धुतलं आणि पुन्हा म्हणून पाहिलं. ओठ मिटून सुरू होतं, मध्ये जीभ जरा गोल फिरते, शेवटी तोंड उघडं राहतं. हाक मारायला सोपं. लांबून मारली तरी शेवटचा आकार पोचेल.

मग त्यांनी केलं ते एकतीस वर्षं करत आले तेच. कार्ड घेऊन खाली गेले.

"मिरुला," मावशीने न अडखळता वाचलं. "गोड आहे की. कशावरची गोळी, काका?"

"अजून ठरायचंय."

डॉक्टरांनी लिहिलेलं कशासारखंच दिसलं नाही. औषधवाला फोनवर म्हणाला, "नाही आपल्याकडे. आणि काका, हे चांगलंय हो. हे खपेल."

इथपर्यंत ठीक होतं. पण मुलीची अट होती, कुणाचंच नको. माणसांचं कळायला मार्ग नव्हता. वस्तूंचं कळत होतं. उद्या ते एखाद्या फरशीच्या फिनेलचं निघालं म्हणजे? मंगळवार होता. फॉर्म टेबलावर होता, नऊ ओळी भरलेल्या. दहावी मोकळी होती. काकांनी पेनाचं टोपण काढलं आणि दहाव्या ओळीत ते नाव लिहिलं. फक्त तपासायला. शेरा आला की ओळ रद्द करायची, एवढंच.

अकरा दिवसांनी फॉर्म परत आला. दहापैकी सहा 'आहे', चार 'मोकळं'. दहावी ओळ मोकळी.

त्या संध्याकाळी मुलीकडे जाऊन त्यांनी ते नाव सांगितलं. सांगताना त्यांना घाम आला होता. मुलीने ते हळू म्हटलं, मग जरा मोठ्याने, मग बाळाच्या कानाशी. "म्हणजे काय?" तिने विचारलं.

"काही नाही."

"आणि कुणाचं आहे?"

"कुणाचंच नाही. तपासून घेतलंय."

मुलगी हसली. बापाकडे बघून असं ती बऱ्याच वर्षांत हसली नव्हती. "तपासून घेतलंय म्हणे," ती नवऱ्याला म्हणाली, "बघ, बापाला असलंच काम असायला पाहिजे." त्याच आठवड्यात जन्मदाखल्यावर नाव चढलं.

ओळ रद्द करण्याचा फॉर्म वेगळा होता, पिवळ्या रंगाचा. त्यात एक रकाना होता: कारण. काकांनी तिथे 'वैयक्तिक' असं लिहिलं आणि त्या शब्दाकडे बघत बसले. कंपनीची पेन्सिलसुद्धा त्यांनी कधी घरी नेली नव्हती. निवृत्तीला पाच महिने उरलेले. आता शेवटी लिहून द्यायचं की कचेरीची ओळ घरच्या कामाला वापरली? आणि साठ्यात चारशे नावं. कोण बघतंय? त्यांनी पिवळा कागद फाडला. आणखी एक गोष्ट होती, ती त्यांनी बायकोलाही सांगितली नाही: त्या नावापुढे साहेबी अक्षरात पडलेलं 'मोकळं' त्यांना खोडवेना. एकतीस वर्षांत इतकं नितळ नाव त्यांच्या हातून झालं नव्हतं.

पुढचे रविवार बरे गेले. मुलीचं घर तिसऱ्या मजल्यावर. काका जिना चढताना खोकले की ती वरून दार उघडून ठेवी. चहा स्वतः करी. बाळाला त्यांच्या मांडीवर ठेवून शेजारीच बसे आणि बोले, ऑफिसातलं, शेजारणीचं, कशाचंही. "आई कुठंय?" असं न विचारता बोले. शेजारीण एकदा म्हणाली, "नाव वेगळंच ठेवलंत बाई, कुठून शोधलंत?" तर मुलगी म्हणाली, "शोधलं नाही. माझ्या बाबांनी केलंय." काकांनी चहाचा कप उगाच दोनदा फुंकला.

बाळ चार महिन्यांचं असताना काकांना खालच्या मोठ्या खोलीत बोलावणं आलं. तिथे त्यांच्या विभागाच्या मॅडम होत्या, वयाने त्यांच्या मुलीएवढ्या, जाहिरातवाले दोघं, आणि चक्क मालक. मालक काकांशी एकतीस वर्षांत तीनदा बोलले असतील, त्यात एकदा "दार लावा." आज ते उठून पुढे आले.

"काका, जाता जाता कमाल केलीत तुम्ही. साठ्यात असलं नाव ठेवून बसलात?"

टेबलावर कागदाचं खोकं होतं, कच्चं, हातांनी घडी घातलेलं. हिरव्या पानांचं चित्र. वर ते नाव. खाली बारीक अक्षरांत: सकाळ सोपी.

काकांनी विचारलं, "हे कशावरचं?"

"पोट साफ होण्याचं," जाहिरातवाला म्हणाला. "दुकानात चिठ्ठीशिवाय मिळणार. बसच्या पाठीवर, रेडिओवर, सगळीकडे. काका, असल्या औषधाचं नाव बायका दुकानात चारचौघांत घ्यायला लाजतात. हे कुणीही घेईल. लहान मुलीचं नाव घेतल्यासारखं वाटतं."

सगळे हसले. मालकांनी काकांच्या खांद्यावर हात ठेवला. काकांना वाटलं की आता बोलावं. हात खांद्यावर असेपर्यंत त्यांना बोलता आलं नाही, आणि हात निघाला तेव्हा मालक दारापर्यंत पोचले होते.

दुसऱ्या दिवशी ते मॅडमकडे गेले आणि खरं सांगून टाकलं. मॅडम वाईट नव्हत्या. त्यांनी पंखा कमी केला, पाणी दिलं.

"काका, मला आधी का नाही सांगितलंत?"

"ओळ रद्द करायची राहिली."

"आता कुणाला सांगू मी? मालकांना? त्यांनी स्वतः निवडलंय. मी म्हणणार, नाववाल्या काकांच्या नातीचं आहे, परत द्या?" त्या थांबल्या. "आणि कागदावर ते कंपनीचंच आहे. तुम्ही लागलात तेव्हा सही केलीत, बघा. नोकरीत असताना केलेलं प्रत्येक नाव."

"ते घरी सुचलं होतं. दाढी करताना."

"काका," मॅडम हळूच म्हणाल्या, "तुम्हाला सगळी घरीच सुचत असणार."

निघताना त्या म्हणाल्या, "इतकं मनाला लावून घेऊ नका. साबणांना, बिस्किटांना नसतात का पोरींची नावं?" काका मनात म्हणाले, असतात. पण ती आधी पोरींची असतात.

बायकोला त्यांनी त्याच संध्याकाळी सांगितलं. ती कपड्यांच्या घड्या घालत होती. एका टॉवेलची तिने तीनदा घडी घातली. "बाजारात कधी येणार?"

"नऊ-दहा महिने लागतील म्हणाले."

"मग वेळ आहे. वर्षाच्या आत दाखल्यावरचं नाव एका अर्जावर बदलतं. पोरगी अजून हाकेला वळतसुद्धा नाही. उद्या जा आणि सांगा."

"तू सांगतेस?"

"मी?" बायको म्हणाली. "अहो, तुमच्या आईने तिला मांडीवर घेतली तेव्हाही तुम्ही माझ्याकडे असंच बघितलं असतंत तर बरं झालं असतं. नाही. हे तोंड तुमचं, तुम्हीच उघडा. या वेळी मी मध्ये पडणार नाही."

काका रविवारी गेले ते सांगायचं ठरवूनच. मुलीने दार उघडून ठेवलं होतं. ती म्हणाली, "बाबा, तिला पालथं पडता येतं आता, थांबा, दाखवते." मग पुढच्या रविवारी जावयाचे आईवडील आले होते. त्याच्या पुढच्या रविवारी बाळाला ताप होता. मग काका निवृत्त झाले. निरोपाच्या भाषणात मालकांनी त्या नावाचा उल्लेख केला, मावशीने त्यांना हातरुमालाचा डबा दिला आणि बुटांची सात खोकी कुणीतरी रद्दीत टाकली. मग बाळ बसायला लागलं. मग त्या नावाने हाक मारली की वळायला लागलं. दार वाजलं की, कुकरची शिटी झाली की, ते तसंच राही. पण "मिरुला" म्हटलं की मान गर्रकन फिरे आणि दोन दात दिसत. ज्या रविवारी हे पहिल्यांदा दिसलं, त्या रविवारी काकांना कळलं की आता आपण सांगणार नाही. बायकोला जिन्यात ते म्हणाले, "पुढच्या वेळी." बायको पुढे उतरत गेली. तिने विचारणंच सोडलं होतं.

काकांचा स्वतःशी एक हिशेब होता. औषधं पडतात. दहा निघतात, त्यांतली सात दोन वर्षांत बंद होतात. हेही पडेल. एकतीस वर्षं ज्या नावांसाठी ते झिजले, त्यांतलं एक तरी बुडावं असं त्यांनी पहिल्यांदा मागितलं.

बाळाला वर्ष होऊन तीन आठवडे झाले आणि बसगाड्या हिरव्या झाल्या.

मुलीचा फोन आला तो दुपारी. आणि काकांना अपेक्षा होती त्याच्या अगदी उलटा. "बाबा, चोरलं त्यांनी! तुमचं नाव चोरलं!" ती रस्त्यावरूनच बोलत होती, मागे गाड्यांचे आवाज. "माझ्या पुढ्यात बस उभी आहे आणि तिच्या ढुंगणावर माझ्या पोरीचं नाव लिहिलंय! इतकी वर्षं राबवून घेतलं, आणि तुम्ही बाहेर पडताच तुमच्या घरातलं नाव उचललं. मी सोडणार नाही. मी वकिलाशी बोलते. तुम्ही कधी केलंत ते नाव, कुणाला दाखवलंत, सगळं लिहून काढा. मी येतेय."

ती आली ती घामाघूम, हातात वही. काकांसमोर बसली. दहा वर्षांत पहिल्यांदा ती त्यांच्या बाजूने भांडायला निघाली होती. बायको उठून आत गेली.

"सांगा. कार्ड कुठंय?"

"फाडलं."

"बरं. कुणाकुणाला दाखवलंत?"

"मावशीला. डॉक्टरला."

"म्हणजे त्यांच्यापैकी कुणीतरी..."

"नाही," काका म्हणाले. "मीच पाठवलं."

तिला कळलं नाही. त्यांनी सांगितलं. मंगळवार, फॉर्म, दहावी ओळ, मोकळं, पिवळा कागद. मुलीची लेखणी पहिल्या दोन वाक्यांपर्यंत चालली, मग थांबली.

"कशाला पाठवलंत?"

"कुणाचं नाही ना, हे बघायला. तूच म्हणाली होतीस."

"ते ठीक आहे," ती म्हणाली. आवाज अजिबात चढला नाही, आणि काकांना वाटलं, चढला असता तर बरं झालं असतं. "कळलं कधी तुम्हाला? बस आज आली. तुम्हाला कधी कळलं?"

काका खिडकीकडे बघू लागले.

"बाबा, कधी?"

"ती चार महिन्यांची होती."

मुलीने वही मिटली. "चार महिन्यांची," ती म्हणाली. "तेव्हा अर्ज दिला असता आणि झालं असतं. तिला काही कळलंही नसतं. आठ महिने तुम्ही येऊन माझ्या घरी चहा पीत बसलात."

"तुला वाईट वाटेल म्हणून..."

"नाही. मला वाईट वाटेल म्हणून नाही. आजीच्या वेळीही नाही." ती उठली, चपला घातल्या, आणि दारातून आईला म्हणाली, "आई, तुला माहीत होतं?"

आत कपाटाचं दार लागल्याचा आवाज आला.

नंतरचं सगळं रीतीप्रमाणे झालं. वकील म्हणाला की कंपनीविरुद्ध काही उभं राहत नाही, सही आहे. वर्ष उलटल्यामुळे दाखल्यावरचं नाव बदलायला जाहिरात, प्रतिज्ञापत्र, तारीख. तारीख सहा महिन्यांनंतरची पडली. औषध मात्र पडलं नाही. रेडिओवर एक बाई दर तासाला ते नाव गाऊन म्हणे. पाळणाघरात एका बाईने हसू दाबून जावयाला विचारलं, "सकाळ सोपी झाली का हो?" जावयाने ते घरी येऊन सांगितलं नसतं तरी चाललं असतं, पण त्याने सांगितलं. शेजारणीने काही विचारलं नाही, ते आणखी वाईट.

मुलीने नवं नाव एका दुपारी ठरवलं. कुणाला विचारलं नाही. रस्त्यावर हाक मारली तर चार मुली एकदम वळतील, अशातलं नाव. त्याचा अर्थही सगळ्यांना पाठ असलेला. "हे कुणी चोरणार नाही," ती आईला फोनवर म्हणाली.

काका-काकूंना तिने दोन महिन्यांनी बोलावलं. जिन्यात काका खोकले. दार बंदच होतं, घंटा वाजवावी लागली. मुलीने उघडलं. तिने पाणी दिलं. चहा जावयाने केला. बाळ चटईवर बसून प्लास्टिकच्या वाट्या एकमेकींत घालत होतं. ते आता उभं राहत होतं, दोन पावलं टाकत होतं, हे काकांना कुणी सांगितलं नव्हतं.

"एक सांगते," मुलगी म्हणाली. "घरात आता नवं नाव. पूर्ण बंद केलंय आम्ही दुसरं. तिला सवय लागायला हवी. लक्षात ठेवाल ना?"

"हो," काका म्हणाले.

"तोंडातून गेलं तर..." तिने वाक्य तिथेच सोडलं आणि ओले कपडे घेऊन गॅलरीत गेली. बायको मागोमाग गेली.

काका खुर्चीच्या कडेला सरकले. बाळाची पाठ त्यांच्याकडे होती. त्यांनी नव्या नावाने हाक मारली. बाळाने एक वाटी दुसरीत घातली. ती बसेना, तेव्हा काढून उलटी घातली. काकांनी पुन्हा हाक मारली, जरा मोठ्याने. गॅलरीत कपडे झटकल्याचा आवाज थांबला. दुसरं नाव त्यांच्या ओठांवर आलं होतं. ते म्हटलं असतं तर मान त्याच क्षणी फिरली असती आणि दात दिसले असते. किती दात आले आहेत ते त्यांना ठाऊक नव्हतं. त्यांनी ओठ मिटले. मग तिसऱ्यांदा नव्या नावाने हाक मारली, आणि बाळ वाटीत वाटी घालत राहिलं.